दिसले नाही म्हणून

लंडन, रविवार

ती. आईस,
सा. न.

परवा फोनवर म्हणालीस, "टीव्हीवर तुमच्या त्या हॉस्पिटलच्या मालिकेचा अख्खा भाग पाहिला, तू कुठेच दिसली नाहीस." अगं, दिसले असते तर नोकरी गेली असती! शेवटी नावं सरकतात ना, त्यात होते. मलाही दोनदा थांबवून शोधावं लागलं.

इमर्जन्सीत छताला, भिंतींना कॅमेरे बसवलेत. आम्ही बाजूच्या खोलीत पडद्यांपुढे बसतो. डॉक्टर, सिस्टर सगळ्यांना माइक लावलेले असतात. बाथरूमला जाताना ते बंद करायला विसरतात. पुढचं बाबांना सांगू नकोस.

माझ्याकडे मुख्य काम परवानगीचं. रुग्णालयात टिपलेलं टीव्हीवर दाखवायचं, तर शूटिंगची परवानगी एक आणि दाखवायची वेगळी, असा इथल्या ऑफकॉमचा, म्हणजे टीव्हीवर लक्ष ठेवणाऱ्या संस्थेचा, सर्वसाधारण नियम आहे. घरी गेल्यावर, धक्का ओसरल्यावर माणसाला पुन्हा विचारायचं. ज्यांनी नाही म्हटलं त्यांचे चेहरे, फळ्यावरची नावं, मनगटावरच्या पट्ट्या, सगळं पुसायचं. आपल्या त्र्यंबकच्या फाळक्यांनी रोज एकेक फ्रेम घेऊन वाटाण्याचं रोप वाढताना दाखवलं होतं. मी एकेक फ्रेम घेऊन माणसं नाहीशी करते.

गेल्या महिन्यात एक आजोबा शिडीवरून पडून आले. त्यांची बायको त्यांचा एक बूट मांडीवर घेऊन तीन तास बसून होती. एक शब्द नाही. तसं दृश्य आम्हाला वर्षभरात मिळालं नव्हतं. आजोबा बरे झाले, हसत हो म्हणाले. आजी म्हणाल्या, "मला नाही दाखवायचं." चार दिवसांचं एडिटिंग पाण्यात. दिग्दर्शक गप्प, आणि खरं सांगू, मीही चिडले होते.

बसमध्ये तू आठवलीस. सिव्हिलची नाइट करून पंचवटीत यायचीस, तेव्हा वाड्यातल्या बायका दारातच गाठायच्या: काल रात्री भाजलेली बाई आणली ती कुणाकडची? तू विचारायचीस, "दूध आलं का?" मला तेव्हा तू फार आतल्या गाठीची वाटायचीस. सोमवारी ऑफिसात त्या आजींची बाजू मीच मांडली.

चिवडा दोन दिवसांत संपला, निम्मा साउंडवाल्याने खाल्ला. गोदेला पाणी किती आहे? दुतोंड्या मारुतीच्या कंबरेपर्यंत आलं का?

आणि ती भाजलेली बाई कोण होती गं? जाऊ दे. दूध आलं का?

तुझी,
पमी