फोनचा बॅकअप झाला, पण खेळाचे काय?

मा. संपादक महोदय,
सप्रेम नमस्कार.

नवा मोबाइल घेतल्यावर जुन्या मोबाइलमधील माहिती कशी हलवावी, याविषयी आपल्या दैनिकाच्या तंत्रज्ञानविषयक पानावर अधूनमधून मजकूर येतो. छायाचित्रे, संपर्क क्रमांक आणि व्हॉट्सअॅपवरील संवाद यांची तजवीज त्यात नीट सांगितलेली असते. मोबाइलवरील खेळांचा उल्लेख मात्र क्वचितच असतो. मोबाइल दुरुस्ती हा माझा व्यवसाय असल्याने ही उणीव मला रोज जाणवते. फोन रीसेट करावा लागेल असे सांगितले की माणसे आधी फोटोंची चौकशी करतात, मग बँकेच्या अॅपची. सोबत शाळकरी मुलगा असेल तर तो वडिलांच्या मागून हळूच विचारतो, 'काका, माइनक्राफ्टचं वर्ल्ड जाईल का?' ठोकळे रचून स्वतःचे जग उभारण्याच्या त्या खेळातील आपल्या जगाविषयी तो विचारत असतो. मोठी माणसे हसतात आणि विषय तेथेच संपतो. वास्तविक त्या दिवशी दुकानात विचारलेल्या प्रश्नांत तोच सर्वांत नेमका असतो, कारण फोटो परत मिळण्याच्या वाटा अनेक आहेत, खेळातील प्रगती साठवणारी सेव्ह फाइल मात्र एकदा पुसली गेली की बहुधा कायमची जाते.

अडचणीचे मूळ असे आहे की 'बॅकअप पूर्ण झाला' हा फोनचा संदेश वाचून सर्व काही सुरक्षित झाले असे आपण समजतो. अँड्रॉइडमध्ये २०१५ सालच्या सहाव्या आवृत्तीपासून अॅपचा डेटा आपोआप गुगलच्या खात्यात ठेवण्याची सोय आहे. पण तिला प्रत्येक अॅपमागे २५ एमबीची मर्यादा आहे, आणि एखाद्या खेळाचा डेटा तिच्यापलीकडे गेला तर त्याचा बॅकअप मुळी होतच नाही. शिवाय आधीच्या बॅकअपला किमान २४ तास उलटलेले असावे लागतात, फोन वापरात नसावा लागतो आणि एरवी तो वाय-फायला जोडलेला असावा लागतो. घरात वाय-फाय नसलेल्या आणि मोबाइल डेटावरच भागवणाऱ्या कुटुंबात ही शेवटची अट कित्येक दिवस पूर्ण होत नाही. याहून महत्त्वाची गोष्ट म्हणजे आपल्या अॅपला ही सोय लागू करायची की नाही, हे खेळ बनवणारी कंपनी ठरवते, आणि तिने नकार दिला असेल तर ते वापरणाऱ्याला पडद्यावर सहज दिसेल अशा ठिकाणी कोठेही लिहिलेले नसते.

मग खेळाची प्रगती असते तरी कोठे? काही खेळांत ती कंपनीच्या सर्व्हरवर, म्हणजे तिच्या स्वतःच्या संगणकांवर असते. अनेक जण एकत्र खेळतात असे बहुतेक ऑनलाइन खेळ या प्रकारात मोडतात, आणि तेथे फोनमध्ये फाइल शोधण्याला काही अर्थ नसतो. सांभाळायचे असते ते खाते. येथे फसगत होते ती खाते न जोडता 'गेस्ट' म्हणून खेळणाऱ्यांची. त्यांची प्रगतीही सर्व्हरवरच असते, परंतु तिच्यापर्यंत पोहोचवणारी ओळख फक्त त्या फोनमधील त्या अॅपपाशी असते. अॅप काढून टाकले की सर्व्हरवर सारे जागच्या जागी असूनही ते आपले आहे हे सिद्ध करण्याचे साधन उरत नाही. म्हणून असा खेळ पहिल्याच आठवड्यात गुगल, अॅपल किंवा त्या कंपनीच्या स्वतःच्या खात्याशी जोडून टाकावा. अर्थात सर्व्हर दुसऱ्याचा असतो, हेही विसरू नये. सप्टेंबर २०२० मध्ये केंद्र सरकारने पबजी मोबाइलवर बंदी घातली, तेव्हा येथील खेळाडूंच्या हातात काहीच उरले नव्हते. २०२१ मध्ये त्याची भारतीय आवृत्ती आली आणि जुन्या खात्यातील सामग्री नव्या खेळात नेण्याची सोय ठरावीक मुदतीपुरती देण्यात आली, ती कंपनीने दिली म्हणून.

दुसऱ्या काही खेळांत सेव्ह फोनमध्ये राहते आणि तिची एक प्रत गुगल प्ले गेम्सच्या किंवा आयक्लाउडच्या मार्फत खात्यात, म्हणजे 'क्लाउड'वर जाते. ही व्यवस्था चांगली आहे, फक्त एका क्षणी सावध राहावे लागते. नव्या फोनवर खेळ प्रथम उघडल्यावर 'या उपकरणावरील प्रगती ठेवायची की क्लाउडवरील' असा प्रश्न काही खेळ विचारतात. घाईघाईत पहिले बटण दाबले गेले, तर नव्या फोनवरील कोरी सेव्ह जुन्या प्रगतीवर लिहिली जाऊ शकते. त्या चौकटीत बहुधा तारीख किंवा लेव्हल दिलेली असते. ती वाचल्याशिवाय बोट पुढे नेऊ नये.

खरा गुंता आहे तो सेव्ह केवळ फोनमध्येच ठेवणाऱ्या खेळांचा, आणि त्यांत पैसे देऊन घेतलेले उत्तमोत्तम खेळही आहेत. अँड्रॉइडमध्ये अशी फाइल दोनपैकी एका जागी असते. एक जागा अॅपची अगदी खाजगी असते आणि फोन रूट केल्याशिवाय, म्हणजे त्याच्या प्रणालीवरील निर्बंध काढून पूर्ण ताबा घेतल्याशिवाय, तेथे कोणालाही प्रवेश नसतो. दुसरी जागा म्हणजे फोनच्या साठवणीतील 'अँड्रॉइड' या फोल्डरातील 'डेटा' हे फोल्डर, ज्यात प्रत्येक अॅपच्या नावाने एकेक कप्पा असतो. शेजारी 'ओबीबी' नावाचे फोल्डरही दिसते. त्याचा आकार मोठा असल्यामुळे पुष्कळ जण तेच उतरवून घेतात, पण त्यात खेळाची चित्रे आणि आवाज असतात, आपली प्रगती नसते. २०२० मध्ये आलेल्या अकराव्या आवृत्तीपासून हा 'डेटा' कप्पा इतर अॅपना, म्हणजे बहुतेक फाइल मॅनेजरनाही, बंद करण्यात आला आणि तेराव्या आवृत्तीत उरलेल्या पळवाटाही बुजवल्या गेल्या. एका अॅपने दुसऱ्याच्या फाइलींत डोकावू नये हा त्यामागचा हेतू योग्यच आहे, आणि फोनवरून बँकेचे व्यवहार करणाऱ्या कोणालाही तो पटेल. आयफोनमध्ये तर प्रत्येक अॅपला स्वतःच्या कुंपणातच ठेवण्याची पद्धत सुरुवातीपासून आहे. मात्र या बंदोबस्तात मालकालाच स्वतःच्या वस्तूपर्यंत जाता येईनासे झाले, याची दखल फारशी कोणी घेतली नाही.

तरीही मार्ग अगदीच खुंटलेला नाही. फोन केबलने संगणकाला जोडून 'फाइल ट्रान्सफर' हा पर्याय निवडला, तर अनेक फोनांत हा कप्पा संगणकावर अजूनही दिसतो. स्टारड्यू व्हॅली या शेतीच्या खेळाचे उदाहरण घेता येईल. त्याच्या कप्प्यात 'फाइल्स' आणि त्यात 'सेव्ह्ज' असे फोल्डर असते. त्याच्या आत प्रत्येक शेतासाठी खेळाडूचे नाव आणि एक लांबलचक क्रमांक असलेले वेगळे फोल्डर असते. ते फोल्डर सबंध उचलून संगणकावर ठेवावे. त्यातील एखादीच फाइल उचलू नये आणि नावही बदलू नये, कारण फोल्डरचे आणि आतील मुख्य फाइलचे नाव जुळले नाही तर खेळ ती सेव्ह ओळखत नाही. तारीख लिहायची असेल तर बाहेर वेगळे फोल्डर करून त्याला ती द्यावी. नकल करण्यापूर्वी खेळ पूर्णपणे बंद केलेला असावा. चालू खेळ फाइलींत सतत लिहीत असतो आणि अर्धवट लिहिलेली प्रत पुढे उघडेलच याची खात्री नसते. एवढे केल्यावरही तपासणी बाकी राहते. ती करण्यासाठी दुसऱ्या फोनवर तोच खेळ उतरवून प्रत त्याच जागी ठेवावी आणि शेत उघडते का ते पाहावे. जुना फोन पुसायचा तो त्यानंतर.

माइनक्राफ्टच्या बाबतीत गोष्ट बरीच सोपी आहे, आणि त्याचे श्रेय तो बनवणाऱ्यांना द्यायला हवे. मायक्रोसॉफ्टच्या खात्याने प्रवेश केला म्हणजे आपली जगे खात्यात साठतात, असा सार्वत्रिक गैरसमज आहे. खरेदी केलेल्या वस्तू खात्याशी जोडलेल्या असतात. पण मुलाने वर्षभर विटेवर वीट रचून उभारलेले जग, ते पैसे भरून घेतलेल्या रिअल्म्सवर, म्हणजे कंपनीच्या सर्व्हरवरील जागेत नसेल तर, फोनमध्येच असते आणि अॅप काढताच जाते. मात्र त्या जगाच्या नावाशेजारील पेन्सिलीच्या चिन्हावर जाऊन खालपर्यंत सरकत गेले की 'एक्स्पोर्ट वर्ल्ड' हे बटण सापडते. ते दाबल्यावर सबंध जगाची 'एमसीवर्ल्ड' प्रकारची एकच फाइल तयार होते, ती गुगल ड्राइव्हवर ठेवता येते आणि नव्या फोनवर नुसती उघडली की जग खेळात दाखल होते. रूट नको, केबल नको, दुकानदारही नको! आयफोनवर हीच जगे 'फाइल्स' या अॅपमध्ये माइनक्राफ्टच्या फोल्डरातही दिसतात.

आयफोनचा विषय निघालाच आहे, तर आणखी थोडे. जागा कमी पडली की 'ऑफलोड अॅप' आणि 'डिलीट अॅप' असे दोन पर्याय समोर येतात. पहिल्यात अॅप जाते पण त्याचा डेटा राहतो, दुसऱ्यात दोन्ही जातात. आयक्लाउडचा बॅकअप मोफत मिळणाऱ्या ५ जीबीत बसत नाही म्हणून पुष्कळांनी तो बंदच ठेवलेला असतो. तो चालू असला तरी त्यातून एकट्या खेळाची सेव्ह वेगळी काढता येत नाही, सबंध फोन नव्याने उभा करावा लागतो. अँड्रॉइडच्या सेटिंग्जमध्ये 'क्लिअर कॅश' आणि 'क्लिअर डेटा' या बटणांतही असाच भेद आहे. फोन हळू चालतो म्हणून यूट्यूबवरील कोणाचे तरी ऐकून दुसरे बटण दाबणारे ग्राहक माझ्याकडे येतात, तेव्हा करण्यासारखे माझ्या हाती बहुधा काही उरलेले नसते.

अशा वेळी इंटरनेटवर 'सेव्ह परत मिळवून देणारी' अॅप शोधली जातात, त्यांच्यापासून मात्र दूर राहावे. सर्व फाइलींची परवानगी मागणाऱ्या अनोळखी अॅपला ती देणे म्हणजे खेळासाठी घराची किल्ली देण्यासारखे आहे. फोन रूट करण्याचा सल्लाही मी देत नाही. अनेक बँकांची अॅप रूट केलेल्या फोनवर चालत नाहीत, आणि बऱ्याच फोनांत त्यासाठी बूटलोडर, म्हणजे फोन सुरू करणाऱ्या मूळ प्रोग्रॅमचे कुलूप, उघडताना सगळा डेटा आधी पुसलाच जातो. ज्याच्यासाठी हा खटाटोप करायचा, तेच त्यात जाते.

माझे म्हणणे एवढेच आहे की, सेव्ह केवळ फोनमध्ये ठेवणाऱ्या प्रत्येक खेळात ती बाहेर काढून घेण्याचे बटण असलेच पाहिजे. माइनक्राफ्टइतक्या मोठ्या जगाला जे साधले, ते काही केबींची फाइल असलेल्या कोडे खेळाला अवघड असण्याचे कारण नाही. युरोपीय संघात २०१८ पासून लागू असलेल्या कायद्याने आपली वैयक्तिक माहिती वापरण्याजोग्या स्वरूपात मागून घेण्याचा आणि दुसरीकडे नेण्याचा अधिकार नागरिकांना दिला आहे. आपल्याकडे वैयक्तिक माहितीच्या संरक्षणासाठी मांडलेल्या २०१९ च्या विधेयकात तसा अधिकार होता. त्याच विषयावर २०२३ मध्ये संमत झालेल्या कायद्यात तो राहिला नाही. खेळाची सेव्ह वैयक्तिक माहितीत मोडते का, यावर वकील वाद घालू शकतील. परंतु कायदा होईपर्यंत थांबण्याची गरज नाही. खेळ विकत घेण्यापूर्वी त्याच्या पानावर 'क्लाउड सेव्ह' किंवा 'एक्स्पोर्ट' यांचा उल्लेख आहे का हे पाहणे, नसल्यास परीक्षणात तसे स्पष्ट लिहिणे आणि कंपनीच्या मदत विभागाला विचारणे एवढे तर ग्राहकाला करता येतेच. गुगल आणि अॅपल यांनी आपापल्या स्टोअरमध्ये खेळाच्या आकाराशेजारी 'प्रगती कोठे साठते' ही एक ओळ सक्तीची केली, तर बरेच काम हलके होईल.

सणासुदीला नव्या मोबाइलची खरेदी वाढते आणि जुने फोन अदलाबदलीत दिले जातात. त्या सुमारास आपल्या पानावर येणाऱ्या लेखात खेळांसाठी एक चौकट राखून ठेवावी आणि कोणता खेळ सेव्ह कोठे ठेवतो याची माहिती वाचकांकडूनच मागवावी, ही विनंती. शाळकरी वाचकांकडून ती भरपूर येईल, याविषयी मला शंका नाही.

आपला नम्र,
एक मोबाइल दुरुस्ती व्यावसायिक, बार्शी