मरीन ड्राइव्हवरच्या अनोळखी माणसांचे आभार

लग्नाचा अकरावा वाढदिवस. पोरांना आईकडे सोडून बोरिवलीहून चर्चगेट गाठलं. जुलैचा पाऊस, भरतीची वेळ आणि कठड्यावर आम्ही दोघं. पोलीसदादांनी शिट्टी मारली. 'दुसऱ्या कुणाला असेल,' इति अहो. पुढच्याच लाटेने त्यांचा गुलाब, माझी डावी चप्पल आणि अकरा वर्षांत पहिल्यांदाच म्हणायला घेतलेलं वाक्य, सगळं एकदम नेलं. (वाक्य काय होतं, अजून कळलेलं नाही.)

तर दंडाला धरून मागे ओढणाऱ्या पोलीसदादांचे आभार; ओरडलात, पण हसू दाबत. न मागता ओढणी देणाऱ्या कॉलेजच्या मुली, ती धुऊन ठेवलीय गं. शेगडीजवळ उभं करून तिखट-मीठ-लिंबू चोळलेलं कणीस हातात देणारे काका, थंडी पळाली. सीट भिजेल असं चकार शब्दाने न बोलता पेपर अंथरणारे टॅक्सीवाले दादा, तुमचेही.

आणि लेडीज डब्यात क्लिपा विकणाऱ्या मावशी! तुम्ही पिशवीतल्या रबरी चपला काढून दिल्यात, पैसे घेतलेच नाहीत. अहो तेव्हा जेन्ट्स डब्यात, ओल्या पॅन्टीत लटकत होते. चपला रोज सोबत नेतेय. दिसलात की हाक मारीन.