उजवा बॅक

प्रेस्टन, रविवार

ती. बाबा आणि ती. आई यांना शिरसाष्टांग नमस्कार.

आई, शनिवारी दुपारी माझा फोन लागतो पण मी उचलत नाही, अशी तुझी तक्रार आहे. उचलणार कशी? मी ग्राउंडवर असते, आणि आजूबाजूचा आरडाओरडा ऐकलास तर तुला वाटेल इकडे दंगल पेटली. बाबा, आता लगेच ‘मँचेस्टरला जातेस काय गं?’ असं विचारू नका. मँचेस्टर इथून ट्रेनने तासाच्या आत आहे हे खरं. पण माझ्या घरापासून चालत जाता येतं ते डीपडेलला, प्रेस्टन नॉर्थ एंडच्या मैदानावर. ही टीम तुमच्या टीव्हीवर दिसत नाही, म्हणजे तुमच्या लेखी ती नाहीच.

१८८८ साली जगातली पहिली फुटबॉल लीग इथे सुरू झाली. क्लब बारा. पहिल्या सीझनला प्रेस्टनने एकही सामना न हरता ती जिंकली, दुसऱ्या वर्षीही जिंकली, आणि त्यानंतर आजतागायत नाही. १९६१ पासून तर सगळ्यात वरच्या डिव्हिजनचं तोंडही पाहिलेलं नाही. तरी माणसं येतात. बापाने पोराला आणलेलं असतं, त्या पोराने त्याच्या पोराला. मैदानाबाहेर टॉम फिनीचा पुतळा आहे. पाण्यातून घसरत बॉल नेणारा फिनी, आणि खाली खरंच कारंजं. आई, इंग्लंडकडून ७६ सामने खेळलेला हा माणूस प्लंबर होता आणि खेळत असतानाही नळाची कामं करायचा, कारण त्या काळी खेळाडूंच्या पगाराला वरून टोपण घातलेलं होतं. ते १९६१ मध्ये निघालं, तोवर फिनी निवृत्त झालेला.

पण फिनीवर लिहिणारे ढिगाने आहेत. मला तुम्हाला दुसऱ्याच एकाबद्दल सांगायचंय.

आमच्याकडे गुडघे बदललेल्या लोकांचा व्यायामाचा वर्ग असतो. त्यात एक आजोबा येतात (नाव सांगत नाही, पेशंटची नावं दवाखान्याबाहेर न्यायची नसतात). गुडघा नव्वद अंशांपलीकडे वाकवा म्हटलं की ओठ घट्ट मिटून भिंतीकडे बघत बसायचे. लक्ष दुसरीकडे न्यावं म्हणून मी विचारलं, प्रेस्टनचा तुमचा सगळ्यात आवडता खेळाडू कोण? वयाकडे बघून मी फिनीची तयारी ठेवली होती. आजोबा म्हणाले, “ग्रॅहम अलेक्झांडर. राइट बॅक.” (आई, राइट बॅक म्हणजे उजव्या कडेचा बचावपटू.) मग जे सुरू झाले ते थांबेनात. मी कोनमापक लावून बघितला तर गुडघा शंभराच्या पुढे गेलेला.

त्या दिवशी घरी येऊन मी हा अलेक्झांडर शोधला, आणि बाबा, मला तुमचीच आठवण येत राहिली.

जन्म १९७१ चा, कॉव्हेंट्रीतला. सुरुवात स्कनथॉर्पला. स्कनथॉर्प म्हणजे पोलादाच्या कारखान्याचं गाव, आणि क्लब तळाच्या, चौथ्या डिव्हिजनमधला. इथली रचना सांगते: वर प्रीमियर लीगचे वीस क्लब, खाली तीन डिव्हिजन, प्रत्येकीत चोवीस. एकूण ब्याण्णव. टीव्हीवर तुम्ही बघता ते वीस. उरलेल्या बहात्तरमधल्या खेळाडूंचं आयुष्य उन्हाळ्यावर टांगलेलं असतं. सीझन संपला की क्लब यादी काढतो, कुणाला ठेवलं, कुणाला सोडलं. करार साधारणपणे ३० जूनला संपतात. यादीत नाव नसेल तर जुलैत एजंटच्या फोनची वाट बघत गावातल्या बागेत एकट्याने पळायचं, आणि ऑगस्टमध्ये कुठल्यातरी तिसऱ्याच गावी ट्रायल द्यायची. बायको-पोरांची शाळा-घरं त्याच्यामागून. डिफेंडरचं तर त्याहून अवघड. फॉरवर्डने वर्षात बारा गोल केले की आकडा बोलतो. बॅकने काय दाखवायचं? न झालेले गोल?

१९९२ मध्ये स्कनथॉर्प वेम्बलीवर प्ले-ऑफची, म्हणजे वरच्या डिव्हिजनमध्ये जाण्यासाठीची, फायनल खेळलं आणि ब्लॅकपूलकडून टायब्रेकरवर हरलं. टायब्रेकरवर हरणं काय असतं ते मी तुम्हाला सांगायला नको. अलेक्झांडर तेव्हा वीस वर्षांचा, त्याच क्लबात. १९९५ मध्ये तो लूटनला गेला, आणि पहिल्याच सीझनला लूटन दुसऱ्या डिव्हिजनमधून तिसरीत घसरलं. लूटनचं मैदान मी पाहून आलेय. पाहुण्या टीमच्या लोकांना चक्क राहत्या घरांच्या रांगेतून आत शिरावं लागतं. खाली गेट, वर कुणाची तरी बेडरूम. लोखंडी जिना चढताना खाली दोन्ही बाजूंना परसं दिसतात, वाळत घातलेले टॉवेल, पोरांच्या सायकली. मी तिथेच थांबून बघत राहिले तर मागचे लोक वैतागले.

१९९९ च्या मार्चमध्ये प्रेस्टनने त्याला घेतलं. मॅनेजर होता डेव्हिड मोयेस, तोच, पुढे तुमच्या मँचेस्टर युनायटेडला येऊन दहा महिन्यांत गेलेला. दुसऱ्या वर्षी प्रेस्टनने तिसरी डिव्हिजन जिंकली. मग वरच्या पायरीवर गाडी अडली. तेव्हा पहिले दोन क्लब थेट प्रीमियर लीगमध्ये जायचे, तिसऱ्या ते सहाव्या क्रमांकाच्या चार जणांत मारामारी करून एकच जायचा. २००१ मध्ये प्रेस्टन त्या फायनलला बोल्टनकडून ३-० हरलं. २००५ मध्ये वेस्ट हॅमकडून १-०. दरम्यान तिशी गाठल्यावर, २००२ मध्ये, त्याला स्कॉटलंडने बोलावलं, वडील स्कॉटिश म्हणून. चाळीस आंतरराष्ट्रीय सामने खेळला. तिशीला पहिली कॅप! आपल्याकडे तिशीला लोक बूट भाच्याला देऊन टाकतात.

२००७ मध्ये, पस्तीस वर्षांचा असताना, तो बर्नलीला गेला. बर्नली इथून जवळच, आणि दोन्ही गावांचं पिढ्यान्‌पिढ्या वाकडं. आपल्या कोल्हापुरात मंगळवार पेठेतला पोरगा शिवाजी पेठेकडून उतरला तर शाहू स्टेडियमवर काय होईल, ते डोळ्यांसमोर आणा. आजोबा तर म्हणाले की त्या वर्षी त्यांनी त्याचं नाव घरात काढू दिलं नाही.

बर्नलीने त्याला उजव्या बाजूवरून काढून मधे, बचावफळीच्या पुढ्यात उभं केलं. वय झालं की बाजूने वरखाली पळवत नाही, मधे उभं राहून वाचता येतं. २००८-०९ मध्ये बर्नली एकसष्ट सामने खेळलं. एका सीझनला एकसष्ट! लीग कपमध्ये चेल्सी आणि आर्सेनलला घरी पाठवलं, आणि २५ मे २००९ ला वेम्बलीवर शेफील्ड युनायटेडला १-० हरवून तेहेतीस वर्षांनी वरच्या डिव्हिजनमध्ये गेलं. ऑगस्टमध्ये स्टोकविरुद्ध अलेक्झांडर प्रीमियर लीगमध्ये पहिल्यांदा उतरला तेव्हा सदतीस वर्षांचा होता. हरले. पण चारच दिवसांनी स्वतःच्या मैदानावर त्यांनी कुणाला हरवलं माहितीय? मँचेस्टर युनायटेडला, १-०. रॉबी ब्लेकचा गोल. बाबा, ही मॅच तुम्ही बघितली असणार आणि विसरला असणार.

पुढच्या उन्हाळ्यात बर्नली परत खाली आलं. एप्रिल २०११ मध्ये स्वानसीविरुद्ध त्याचा हजारावा सामना झाला. मग पुन्हा प्रेस्टन, तेव्हा तिसऱ्या डिव्हिजनमध्ये आपटलेलं. आजोबांनी घरातली बंदी उठवली.

२८ एप्रिल २०१२. डीपडेलवरची सीझनमधली शेवटची मॅच, समोर चार्लटन, ज्यांनी डिव्हिजन आधीच खिशात घातलेली. अलेक्झांडर चाळिशीतला, निवृत्त होणार हे जाहीर झालेलं, शेवटी शेवटी बदली म्हणून उतरला. प्रेस्टन एका गोलने मागे. ज्यादा वेळात डीच्या बाहेर फ्री किक मिळाली. याने बॉल ठेवला आणि मारला तो सरळ जाळ्यात. २-२, आणि शिट्टी. हा व्हिडिओ मी इतक्या वेळा बघितलाय की गोलीने कुठला पाय आधी उचलला तेही सांगू शकते.

कारकिर्दीत त्याचे गोल शंभराच्या वर गेले, बहुतेक पेनल्टीवरचे. थांबून फसवायचं, हळू टोलवायचं असलं काही नाही, जोरात हाणायचा. तरीही मला तो गोलांसाठी आवडत नाही. बावीस सीझन दर उन्हाळ्यात कुठल्या ना कुठल्या क्लबाला हा माणूस हवासा वाटला, याचं मला जास्त कौतुक आहे. अशी माणसं इथे बरीच होऊन गेली. टोनी फोर्ड नावाचा एक होता, ग्रिम्सबीचा, तोही उतारवयात राइट बॅकच झाला. बेचाळिसाव्या वर्षापर्यंत खेळला, लीगचे ९३१ सामने. गोलकीपर सोडले तर इंग्लिश लीगमध्ये तेवढे कुणाचेच नाहीत. त्याचं नाव तुमच्या कट्ट्यावर कुणी ऐकलंय का, विचारून बघा.

निवृत्तीनंतर अलेक्झांडर मॅनेजर झाला, तोही खालच्याच डिव्हिजनांत. फ्लीटवूडला वर नेलं. सॅल्फर्डला लीगमध्ये आणलं. स्कनथॉर्पने टीम पाचवी असताना काढून टाकलं, इथे ते चालतं. मे २०२५ मध्ये ब्रॅडफर्डला शेवटच्या दिवशी ९६ व्या मिनिटाच्या गोलावर वरच्या डिव्हिजनमध्ये घेऊन गेला, आणि समोर होतं त्याचंच जुनं फ्लीटवूड.

आता मुद्द्यावर येते. बाबा, आईने मला सांगितलंय. तालमीने जुन्या फुटबॉल खेळाडूंच्या सत्काराला तुमचं नाव घातलं आणि तुम्ही नको म्हणून कळवलंत. ‘आम्ही कसले खेळाडू, मागे उभं राहून बॉल हाणणारे. फॉरवर्डना बोलवा.’ मला राग आलाय. शिरोलीला फाउंड्रीत पहिली शिफ्ट करून सायकल मारत प्रॅक्टिसला कोण जात होतं? मामाच्या खांद्यावर बसून मी मॅच बघायचे तेव्हा गोल कुणी केला ते मला कधीच आठवत नाही. कॉर्नर आला की सगळ्यांच्या वर निघणारं तुमचं डोकं आणि ‘सोड, माझा!’ ही आरोळी आठवते. आणि तुमचा पुढचा फॉरवर्ड, ज्याचं कौतुक तुम्ही अजून करता, तो तीन सीझननंतर दिसला का कुठे? तुम्ही किती वर्षं होता ते तुम्हीच मोजा. तालीम एवढ्या वर्षांनी बोलावतेय ती काहीतरी आठवून बोलावतेय. फेटा बांधून घ्या, नारळ घ्या, आणि भाषण करायला लावलं तर दोन वाक्यांत उरका. तुमच्यासारख्याला नाही म्हणायचा अधिकार नाही, असं मी आजोबांनाही सांगितलं. त्यांना पटलं.

आई, इकडे येण्याचं तू दरवेळी पुढे ढकलतेस. एप्रिलमध्ये या. थंडी उतरते, आणि सीझनही अजून चालू असतो. ग्राउंडवर काय खाणार म्हणून काळजी करू नकोस. इथे बटर पाय नावाचा प्रकार मिळतो, आत फक्त बटाटा आणि कांदा, वर खुसखुशीत पारी. मिरची घरून आण. शेजारचं ब्लॅकबर्नही दाखवते बाबांना, तो क्लब २०१० पासून पुण्याच्या वेंकीजचा, आपल्या कोल्हापूरचा अनिकेत जाधव तिथे काही महिने सरावाला येऊन गेलाय. पासपोर्टची मुदत मात्र आत्ताच बघून घ्या, व्हिसाला वेळ लागतो. फॉर्म मी इथून भरते, तुम्ही फक्त बँकेची स्टेटमेंट पाठवा, सहा महिन्यांची, शिक्क्यासकट.

बाकी क्षेम. दादा-वहिनीला नमस्कार, पिल्लूला गोड पापा.

तुमची
अनू

ता. क. बाबा, टाचेखाली टॉवेलची गुंडाळी ठेवून गुडघा खाली दाबायचा, पाच आकडे मोजायचे, सोडायचा. दहा वेळा, सकाळ-संध्याकाळ. आई, मोजायला तू बस. हे सहावर आल्यावर दहा म्हणतात.