बाबांची साखर, आईची मान

ती. आई-बाबांस, सा. न. वि. वि.

फोनवर दोघंही आधी "आमचं छान चाललंय" म्हणता, मग बोलता बोलता एकेक बाहेर येतं. म्हणून लिहायला बसले.

बाबा, गुडघ्याच्या ऑपरेशनची तारीख ठरल्यापासून तुमची साखर वाढलीय आणि तुम्हाला संशय आईच्या स्वयंपाकाचा! तिला मोकळं सोडा. काळजी लागली की शरीर धोका आला असं धरून चालतं. मूत्रपिंडांवर टोपीसारख्या बसलेल्या ग्रंथी अ‍ॅड्रिनलिन आणि कॉर्टिसॉल सोडतात, नाडी आणि रक्तदाब चढतो, यकृत साठवलेली साखर रक्तात सोडतं. का, तर पळायला ताकद हवी. तुम्ही पळत कुठे आहात? खुर्चीत बसून तोच रिपोर्ट पुन्हा पुन्हा वाचताय. मग ती साखर खर्ची पडणार कशी? डॉक्टरांना हे जरूर सांगा, पण गोळी मनानं वाढवू नका.

आई, तुझं निराळं. तू बोलत नाहीस, तुझी मान बोलते. पित्त, आखडलेले खांदे, पहाटे तीनला जाग, आणि चष्मा सापडत नाही. "वय झालं" म्हणून तू मोकळी होतेस. वयाचा थोडा वाटा असेलही. पण शरीर सतत सावध राहिलं की झोप उथळ होते आणि पचन बिघडतं. चष्म्याचं म्हणशील तर ठेवताना लक्ष बाबांकडे असतं, मग तो कुठे ठेवला हे डोक्यात शिरणार कसं?

1995 साली अमेरिकेत एक छोटा अभ्यास झाला. स्मृतिभ्रंश झालेल्या नातलगांची शुश्रूषा करणाऱ्या बायकांच्या हातावर साडेतीन मिलिमीटरची जखम मुद्दाम केली. साधारण त्याच वयाच्या इतर बायकांपेक्षा ती भरायला सरासरी 9 दिवस जास्त लागले. तेव्हा "मनाचे खेळ" वगैरे मला सांगू नकोस.

ऑपरेशननंतर रात्री बाबांपाशी मी थांबणार. तू दुसऱ्या खोलीत झोपायचंस, यावर चर्चा नको. बाबा, श्वास घेण्यापेक्षा सोडायला जास्त वेळ लावून बघा. बाळबोध वाटेल, पण मनगटावर बोट ठेवा, सोडताना ठोके जरा मंदावलेले जाणवतील.

मात्र छातीत दुखलं किंवा दम लागला तर "टेन्शनचं असेल" म्हणून बसून राहू नका. आधी दवाखाना, मग मला फोन.

तुमची,
धाकटी