पेढे वाटले, पण निकाल वाचला नाही

मा. संपादक,

काढून टाकलेल्या कर्मचाऱ्याच्या बाजूने न्यायाधिकरणाचा आदेश झाला की आपल्या साताऱ्याच्या पानावर 'क्लीन चिट' हा शब्द ठरलेला. महसुलात बत्तीस वर्षे काढून मी अव्वल कारकून म्हणून निवृत्त झालो. चार-पाच सहकाऱ्यांच्या विभागीय चौकशीत बचाव सहाय्यक म्हणून, म्हणजे आरोप असलेल्या कर्मचाऱ्याची बाजू मांडायला, बसलो आहे. त्यातले एकच प्रकरण सांगतो.

जिल्ह्यातल्याच एका कार्यालयातला लिपिक. वसुलीची रक्कम चलनाने सरकारी तिजोरीत भरायला दोन महिने लावले, म्हणजे आमच्या भाषेत तात्पुरता अपहार. दोषारोपपत्र रीतसर, चारही जोडपत्रांसह. चौकशीत मुख्य साक्षीदाराचा जबाब घरूनच टाइप करून आणलेला. सादरकर्ता अधिकाऱ्याने, म्हणजे कार्यालयाची बाजू मांडणाऱ्याने, तो वाचला, साक्षीदाराने सही केली. उलटतपासणी घ्यायची का, असे विचारल्यावर आमच्या गड्याने समोर बसलेल्या साहेबांकडे पाहिले आणि 'नको' म्हणाला. रोजनाम्यात, म्हणजे चौकशीच्या रोजच्या नोंदीत, तसेच लिहिले गेले, खाली याची सही. मला त्याने बोलावले ते यानंतर.

पुढे थेट सेवेतून काढून टाकल्याचा आदेशच हातात पडला. आधी चौकशी अहवालाची प्रत द्यायची, त्यावर म्हणणे मागवायचे, हे कुणाला सुचलेच नाही. 1979 चे शिस्त व अपील नियम प्रत्येक आस्थापना शाखेत असतात, उघडतो कोण?

मग मॅट, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण. (कोल्हापूरला 18 ऑगस्ट 2025 पासून उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच सुरू झाले, तेव्हा आता सगळे तिथेच होणार असे पुष्कळांना वाटते. पण राज्य शासनाच्या कर्मचाऱ्याला पहिली पायरी मॅटचीच, आणि आपल्याला ते मुंबईलाच गाठावे लागते. महालक्ष्मी एक्स्प्रेसमधली रात्र चुकलेली नाही.) अहवाल दिला नाही म्हणून मॅटने आदेश रद्द केला. याला 'तांत्रिक कारण' म्हणणारेही भेटतात. आपल्याविरुद्ध काय ठरले ते माणसाला शिक्षेआधी दाखवायचे, यात तांत्रिक काय?

गल्लीत कंदी पेढे वाटले गेले, आपल्याकडे तीन रकानी बातमी आली. आदेशाचे शेवटचे पान मात्र कुणी उलटले नव्हते. अहवालाची प्रत देण्याच्या टप्प्यापासून कारवाई पुढे चालवायची मुभा तिथे शासनाला दिलेली होती. सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने करुणाकर प्रकरणात 1993 सालीच हा रस्ता आखून दिला आहे: अहवाल न मिळाल्याने कर्मचाऱ्याच्या बचावाला बाध आला असेल तर त्याला परत घ्या, हवे तर निलंबित ठेवा आणि तिथून पुढे चला.

पैसे वेळेत भरले की नाही, यावर मॅटने अवाक्षर काढले नव्हते. ते काढतही नसतात. 1995 च्या बी. सी. चतुर्वेदी निकालापासून हे सरळ आहे की न्यायालय अशा प्रकरणात अपील ऐकायला बसत नाही, पुरावा नव्याने तोलत नाही. चौकशी नियमाने झाली का, निष्कर्षाला काही पुरावा आहे का, शिक्षा ऐकून धक्का बसावा इतकी जबर आहे का, एवढेच बघते. रोजनाम्यातला तो 'नको' मुंबईत कुणी खोडून देत नाही.

आमचा लिपिक सकाळी हजर झाला आणि दुपारी त्याच टेबलावर त्याला निलंबनाचा आदेश मिळाला. अहवालाची प्रत आली, आम्ही अकरा पानी म्हणणे दिले. पण ज्या साक्षीदाराला एक प्रश्न विचारला नाही, त्याचा जबाब खोटा कसा म्हणायचा? सात महिन्यांनी दुसरा आदेश निघाला. सक्तीची सेवानिवृत्ती. निवृत्तिवेतन तरी मिळेल, एवढाच फरक.

तीन रकानी बातमी देणाऱ्या आपल्या दैनिकात या दुसऱ्या आदेशाची ओळसुद्धा आली नाही. आजही त्याला चौकात लोक विचारतात, 'तुम्ही तर सुटला होता ना?'

– एक निवृत्त अव्वल कारकून, सातारा