पैसे माहेरी गेले होते: पोस्टाच्या नानांचे आभार

आदरणीय नाना,
सा. न. वि. वि.

तोंडी आभार मानायला गेलं की तुम्ही "जाऊ दे वं पोरी" म्हणत सायकलवर टांग टाकता. म्हणून लिहूनच टाकते, आणि सगळ्यांसमोर लिहिते. आपल्या पारोळा-अमळनेर भागात बाळंतपणासाठी सरकारकडून मिळणाऱ्या प्रधानमंत्री मातृवंदना योजनेच्या पैशांची वाट बघणाऱ्या पुष्कळ बाया आहेत, त्यांच्याही नजरेखालून हे जावं.

माझा फॉर्म आशाताईंनी वेळेत भरला होता. पहिलटकरणीला 5000 रुपये मिळतात. गरोदरपणाची नोंद आणि किमान एक तपासणी झाली की 3000, बाळाची जन्मनोंद आणि लसींची पहिली फेरी पुरी झाली की 2000. दुसऱ्या खेपेला मुलगी झाली तर 6000 एकदम. यातले 3000 पोटात बाळ असतानाच हातात पडायला हवेत, म्हणजे दूध, डाळ, शेंगदाणे घरात येतील. माझं बाळ पालथं पडायला लागलं तरी पासबुकात नोंद नव्हती. डिंक-मेथीच्या लाडवांचं सामान सासूबाईंनी कापसाच्या पैशातून आणलं. त्यावरून घरात कुणी काही बोललं नाही, पण मला ते लागत होतं.

आरोग्य केंद्रात म्हणायचे, आमच्याकडून गेलंय, बँकेत विचारा. बँकेत म्हणायचे, आधार लिंक आहे, वरूनच पैसे आले नसतील. दोघंही खरं बोलत होते आणि तरी पैसे नव्हते, हे कोडं तुम्ही सोडवलंत.

तुम्ही पारावर म्हाताऱ्या माणसांना अंगठा घेऊन पैसे देत होतात. मी बाळाला घेऊन बाजूला उभी राहिले. तुम्ही पहिलाच प्रश्न असा विचारलात, जो तोवर मला कुणी विचारला नव्हता: "कुठपर्यंत आलंय ते पाहिलंस का?" मला वाटायचं, पैसे आले नाहीत म्हणजे आले नाहीत, त्यात कुठपर्यंत काय? मग तुम्ही बोटांवर मोजून दाखवलंत. फॉर्म कागदावरच राहिला आणि संगणकात चढलाच नाही, असं होतं. चढला, पण नाव किंवा तारीख जुळत नाही म्हणून दुरुस्तीसाठी परत आला, हे फार वेळा होतं. आधारवर माहेरचं नाव आणि फॉर्मवर सासरचं, एवढंही पुरतं. मंजूर झाला, पण पैसे सुटले नाहीत, हेही होतं. आणि पैसे सुटले, पण भलतीकडे गेले, हा शेवटचा प्रकार. प्रत्येक ठिकाणी विचारायचं माणूस वेगळं. आशाताईंनी फोनवर पाहिलं, माझं पेमेंट झाल्याचं दिसत होतं. तुम्ही लगेच आधारच्या वेबसाइटवर माझा नंबर टाकायला लावला, ओटीपी आला, आणि बँकेचं नाव उमटलं. शहाद्याच्या बँकेचं!

"पैसा येल शेतस, पोरी. पन तुना माहेरले," असं तुम्ही म्हणालात तेव्हा पारावरचे सगळे हसले. मीही हसले, खरं सांगते, डोळ्यांत पाणी असताना.

कॉलेजात असताना शिष्यवृत्तीसाठी ते खातं उघडलेलं. पासबुक वडिलांच्या पेटीत, त्या खात्याला दिलेलं सिम कधीच बंद पडलेलं, म्हणून मेसेजही नाही. लग्नानंतर इथे नवं खातं काढलं, आधारची झेरॉक्स दिली, आणि बँकेनं सांगितलं ते चूक नव्हतं: आधार या नव्या खात्याला जोडलेलं होतंच. पण ते ओळखीपुरतं. सरकारी पैसे मात्र खाते नंबर बघून येत नाहीत, आधार नंबर बघून येतात, आणि त्या नंबरापुढे कोणती बँक लिहिली आहे याची नोंद बँकाबँकांमधले व्यवहार सांभाळणाऱ्या एनपीसीआय या संस्थेकडे असते. एका वेळी एकच बँक, शेवटी नोंदवलेली. तुम्ही टपालातल्या माणसासारखंच समजावलंत: पाकिटावर नाव बरोबर आहे, पत्ता जुना आहे, तर पत्र जुन्याच घरी पडणार. इथल्या बँकेत "आधार लिंक करा" म्हणून भागत नाही, सरकारी अनुदानासाठी आधार सीडिंगचा, म्हणजे एनपीसीआयच्या नोंदीत हीच बँक लावण्याचा, संमती अर्ज द्यायचा, मग जुनी नोंद आपोआप सुटते. मी बी.ए. केलं, पण हे मला कुठल्याच वर्गात शिकवलं नव्हतं.

मग तुमच्या मशीनवर शहाद्याची बँक निवडून अंगठा ठेवला आणि शिल्लक दिसली. 3000 आणि वर शिष्यवृत्तीतली थोडी चिल्लर. तिथल्या तिथे काढून दिलेत. वर पाच-पन्नास देऊ केले तर रागावलात.

माझं काम झाल्यावर तुम्ही थांबला नाहीत, त्याचे आभार मला जास्त मानायचे आहेत. खालच्या आळीतल्या भिलाच्या पोरीला कुणीतरी सांगितलं होतं की बाळ झालं, आता फॉर्म भरता येत नाही. ती नवऱ्याबरोबर ऊसतोडीला गुजरातेत होती, नोंदणी राहून गेलेली. बाळंतपणानंतर 270 दिवसांपर्यंत अर्ज करता येतो, हे तुम्ही तिला सांगितलंत, आणि माता-बाल कार्ड कुठेही गेलीस तरी पिशवीत ठेव, लस गुजरातेत टोचली तरी त्यावर लिहून घे, हेही. जाऊबाईंच्या मैत्रिणीचं प्रकरण मात्र मंजूर होऊन वरच अडकलेलं. तिला तुम्ही खोटी आशा दाखवली नाहीत. तुझ्या हातात आता वाट बघणं आहे, कुणी हजार रुपयांत काढून देतो म्हणाला तर देऊ नकोस, एवढंच सांगितलंत. असं सरळ सांगणारं माणूस कचेरीत भेटलं असतं तर तिचं गाडीभाडं वाचलं असतं.

एक गोष्ट मात्र मनात राहते, नाना. ही योजना 2017 पासून आहे आणि तिच्या मागे 2013 चा अन्न सुरक्षा कायदा आहे. त्यात गरोदर आणि स्तनदा बाईला किमान 6000 रुपयांचा हक्क लिहिलाय. पहिल्या बाळाला प्रत्यक्षात 5000, वरची भर दवाखान्यातल्या बाळंतपणासाठीच्या जननी सुरक्षा योजनेतून सरासरीनं धरायची, असा तो हिशेब. म्हणजे ही बक्षिसी नव्हे, रेशनच्या धान्यासारखाच पोटाचा हक्क. मग सहाव्या महिन्यात हवे असलेले पैसे दूध सुटायच्या वेळी येऊन काय उपयोग? मंजुरीच्या कागदावर बँकेचं नाव छापून बाईच्या हातात दिलं तरी माझ्यासारख्या कितीतरी जणी पहिल्याच दिवशी ओळखतील की पैसे कुठे जाणार आहेत. तुमच्यासारखा माणूस प्रत्येक पारावर नसतो.

सीडिंगचा अर्ज दिला, आता वेबसाइटवर इथल्याच बँकेचं नाव दिसतं. लसींची फेरी पुरी झाली, दुसऱ्या हप्त्याचं आशाताईंनी चढवलं आहे. येत्या सोमवारी पारावर याल तेव्हा थोडा वेळ काढून या. सासूबाईंचं पासबुक आणि शेजारच्या दोघींची आधार कार्डं मी आधीच गोळा करून ठेवली आहेत. आणि या वेळी कळण्याची भाकरी आणि ठेचा खाल्ल्याशिवाय सायकलवर बसू देणार नाही, असा सासूबाईंचा निरोप आहे.

आपली,
मारुतीच्या देवळामागची सूनबाई