लहान मुलांची कार सीट घेतली, पण बसवून कोण देणार?

मा. संपादक,
स.न.वि.वि.

मी म्हापशात गाड्यांना सीट कव्हरं, मॅट, म्युझिक सिस्टीम असलं काम करतो, बरीच वर्षं झाली. पूर्वी लहान मुलांची सीट म्हणजे दुबईहून नाहीतर लंडनहून सुट्टीला आलेल्यांच्याच गाडीत दिसायची, आता तसं राहिलं नाही, साधी हॅचबॅक घेणारं जोडपंसुद्धा बाळ यायच्या आधी ऑनलाइन सीट मागवून ठेवतं, चांगली गोष्ट आहे. पण त्या सीटा बसवलेल्या कशा असतात ते मी रोज बघतो, कारण कव्हर घालायचं तर आधी ती सीट काढावी लागते. आणि बऱ्याचदा काढण्यासारखं काही नसतंच, बक्कल न सोडता एका हाताने ओढली तरी ती वीतभर सरकते. जी माझ्या हाताने सरकते ती धडकेत काय जागेवर राहणार?

यात आईबाबांना बोल लावायला माझं मन होत नाही. सीट कुरिअरने खोक्यातून येते, सोबतचं पुस्तक इंग्रजीत, अक्षरं मुंगीएवढी. गाडी शोरूममधून घेताना नारळ फुटतो, हार घालतात, पुठ्ठ्याची मोठी किल्ली हातात देऊन फोटो काढतात, मोबाइल ब्लूटूथला जोडून देतात, एवढं सगळं होतं पण मागच्या सीटच्या फटीत मुलाची सीट अडकवायचे आयसोफिक्सचे हुक कुठे आहेत ते दाखवायला कोणाला दोन मिनिटं नसतात. माझ्याकडे येणाऱ्या अर्ध्याअधिक लोकांना आपल्या गाडीत ते आहेत हेच माहीत नसतं.

आयसोफिक्स म्हणजे मागच्या सीटची पाठ आणि बैठक मिळते तिथे गाडीच्या सांगाड्यालाच जोडलेल्या दोन लोखंडी सळ्या, ६ मिलिमीटर जाड, एकमेकींपासून २८ सेंटिमीटरवर. मुलाच्या सीटचे दोन दांडे त्यात जाऊन टक् करून बसतात, दोन्ही बाजूंनी आवाज यायला पाहिजे आणि बहुतेक सीटांवर लाल खूण जाऊन हिरवी दिसते. आता आमच्या धंद्यातली गोष्ट सांगतो. नवीन गाडी घेतली की गोंयकार आधी कव्हर घालणार, त्यातही जाड फोमवालं, आणि स्वस्तातलं रेडीमेड कव्हर घातलं की या सळ्या कव्हराखाली गडप होतात, वर त्यांची जी छोटी खूण शिवलेली असते तीही झाकली जाते. मग मालक म्हणतो आमच्या गाडीत आयसोफिक्स नाही! काही जण कव्हरावरूनच दांडे दाबत बसतात, एका बाजूला टक् होतं, दुसऱ्या बाजूला फोम अडकतो, आणि एक बाजू लागली म्हणजे झालं असं समजतात. तसं नाही. कव्हर शिवून घेणार असाल तर शिवणाऱ्याला आधीच सांगा की तिथे चीर ठेव आणि कडा शिवून दे, आम्ही त्याचे जास्त पैसे घेत नाही. आणि मुलाची सीट कायम राहणार असेल त्या बाजूला जाड फोम नकोच, तो हळूहळू दबतो आणि आज घट्ट बसवलेली सीट महिन्याने डुलायला लागते.

नुसते दोन दांडे लागले म्हणजे काम संपत नाही हेही फार कमी लोकांना ठाऊक असतं. दांडे खाली धरतात, पण धडकेत सीट वरून पुढे कलंडते, ती कलंडू नये म्हणून एक तर पाठीमागून वरचा पट्टा असतो ज्याला टॉप टेदर म्हणतात, नाहीतर पुढे जमिनीला टेकणारा पाय असतो. तो वरचा पट्टा मी बहुतेक वेळा गुंडाळून रबर लावून मागे टाकलेला बघतो, खोक्यातून आला तस्साच. त्याचा हुक हॅचबॅकमध्ये बहुधा सीटच्या पाठीच्या मागे असतो, डिकी उघडली की दिसतो, पण सामान बांधायच्या कडीला तो लावू नका, ती कडी पिशव्यांसाठी आहे, मुलासाठी नाही. आणि पायवाली सीट असेल तर खाली ते जाड ७डी मॅट असतं ना, तेवढ्या भागातलं काढा. पाय फोमवर टेकला की टेकल्यासारखा दिसतो, पण जोर आला की मॅट दबतं आणि पाय अधांतरी. मी मॅट विकतो तरी सांगतोय.

ज्यांच्या गाडीत आयसोफिक्स नाही त्यांनी घाबरायचं कारण नाही, गाडीच्या पट्ट्यानेसुद्धा सीट पक्की बसते, फक्त मेहनत जास्त. सीटवर पट्टा कुठून न्यायचा त्याच्या खुणा असतात, मूल मागे तोंड करून बसणार असेल तर निळ्या, पुढे तोंड करून बसणार असेल तर लाल. चुकीच्या रंगातून पट्टा नेलेला मी कितीदा पाहिलाय. पट्ट्याला कुठे पीळ नको. मग गुडघा सीटवर ठेवून अंगाचं वजन टाका आणि पट्टा ओढत राहा, आधी कमरेचा भाग, मग खांद्याचा. झालं की पट्टा जिथून जातो तिथेच हात धरून हलवून बघा, वरचं टोक धरून नाही, वरचं टोक थोडं हलणारच. त्या जागी एक इंचापेक्षा जास्त हलली तर परत सोडा आणि परत बांधा. बक्कल सीटच्या प्लास्टिकच्या कडेवर आडवं पडून वाकत असेल तर ती जागाच बदला, तशा बक्कलावर भरवसा नाही.

विदेशातून आणलेल्या सीटांचं एक वेगळंच आहे. आमच्याकडे इंग्लंडच्या स्विंडनहून, पोर्तुगालच्या लिस्बनहून भाऊ-बहिणी पाठवतात, त्या बऱ्याचशा इकडच्या गाडीत चालतात कारण आपल्या गाड्यांत आयसोफिक्स तेच. फक्त नारिंगी लेबल बघा, त्यावर गोलात इंग्रजी ई आणि आर ४४ किंवा आर १२९ असं काहीतरी लिहिलेलं असतं, हे मुलांच्या सीटांच्या सुरक्षा नियमांचे नंबर. अमेरिकेतली सीट आणि अमेरिकेतले व्हिडिओ मात्र जपून. त्या व्हिडिओत सांगतात की पट्टा शेवटपर्यंत बाहेर ओढा म्हणजे तो आपोआप लॉक होईल, आपल्याकडच्या बहुतेक गाड्यांचा पट्टा तसा लॉक होत नाही, तो फक्त झटका बसला की अडकतो. लोक खेचून खेचून दमतात आणि गाडी खराब आहे म्हणून भांडायला जातात. अशा सीटला स्वतःची पट्टा दाबून धरायची क्लिप असते, काहींबरोबर एक लोखंडी क्लिप सुटी येते, ती वापरायची. आणि वापरलेली सीट घेताना एकच विचारा, हिचा कधी अपघात झाला होता का. झाला असेल तर फुकट मिळाली तरी नको, आत तडा गेलेला बाहेरून दिसत नाही. ऑनलाइन पाचशे-सहाशेला जी कापडी झबल्यासारखी वस्तू मिळते, जी हेडरेस्टला दोरीने बांधायची असते, तिला सीट म्हणू नका एवढंच.

आता घरातला वाद. मूल मागे तोंड करून बसवलं की आजी नाराज, बाळाचं तोंड दिसत नाही, पाय दुमडतात. वाढदिवस झाला की लगेच सीट पुढे फिरवायला येतात माझ्याकडे. अहो बाय, पाय दुमडले तर दुमडू देत, त्याने काही होत नाही, मुलं मांडी घालूनच बसतात. प्रश्न मानेचा आहे. लहान मुलाचं डोकं अंगाच्या मानाने मोठं आणि जड, मानेची हाडं अजून कच्ची. समोरून धडक बसली तर पुढे तोंड केलेल्या मुलाचं डोकं पुढे फेकलं जातं आणि सगळा ओढा मानेवर येतो, मागे तोंड असेल तर तोच जोर सीटच्या पाठीवर सगळ्या अंगाला वाटून बसतो. आर १२९ नियमात १५ महिन्यांच्या आत पुढे फिरवायला परवानगीच नाही, आणि अमेरिकेतल्या बालरोगतज्ज्ञांची संघटना तर २०१८ पासून सांगते की सीटची वजन-उंचीची मर्यादा संपेपर्यंत मागेच तोंड ठेवा. म्हणजे बऱ्याच सीटांत दोन वर्षांच्याही पुढे. फक्त अशी सीट पुढे ड्रायव्हरच्या बाजूला कधीच ठेवू नका, समोरची एअरबॅग फुटली की ती थेट सीटच्या पाठीवर आपटते, म्हणजे बाळाच्या डोक्यामागे.

मुलाला बांधायचे पट्टेही तसेच. मागे तोंड असेल तर खांद्याचा पट्टा खांद्याच्या बरोबर किंवा जरा खालून निघायला पाहिजे, पुढे तोंड असेल तर बरोबर किंवा जरा वरून. बांधल्यावर खांद्यावरचा पट्टा चिमटीत धरून बघा, चिमटीत घडी आली तर ढिला आहे. लग्नाला जाताना मुलीला घागऱ्यासकट बांधतात आणि सगळी ढिलाई त्या जाळीत लपते, घागरा हॉलवर जाऊन घाला. तान्ह्या बाळाची सीट किती कललेली आहे ते गाडी सपाट जागी उभी करून बघा, आमच्या म्हापशाच्या चढ-उतारावर बघितलंत तर सगळंच चुकीचं दिसणार. आणि उन्हात उभ्या गाडीत बक्कलाचं लोखंड किती तापतं ते आधी आपल्या हाताला लावून बघा, मग मुलाच्या पोटाशी न्या.

काही लोक म्हणतात गोव्यात अंतरं ती केवढी, म्हापशाहून पणजी, आई घेईल मांडीवर. साधा हिशोब सांगतो. ताशी ५० च्या वेगात गाडी आपटली आणि बॉनेट चेपून साधारण अर्ध्या मीटरमध्ये थांबली तर १० किलोच्या बाळाला धरून ठेवायला २०० किलो पेलण्याएवढा जोर लागतो. कुठल्या हातात आहे तो? आणि आता मांडवीवरचा अटल सेतू काय, झुआरीचा नवा पूल काय, मोपा विमानतळाचा रस्ता काय, ५० ने कोण चालवतो तिथे. चवथीला तर पाच जणांच्या गाडीत आठ जण आणि दोन मुलं मांडीवर, हे दर वर्षी. मागे बसलं म्हणजे सुरक्षित हा समज २०२२ मध्ये पालघरजवळ सायरस मिस्त्री गेले तेव्हा तरी सुटायला हवा होता, ते मागेच बसले होते, पट्टा न लावता.

कायदा नाही असंही नाही. मोटार वाहन कायद्यात २०१९ च्या दुरुस्तीने १९४ ब कलम आलं, १४ वर्षांच्या आतलं मूल पट्ट्याने किंवा मुलांच्या सीटने बांधलेलं नसेल तर १००० रुपये दंड. स्कूटरसाठीही नियम २०२३ च्या फेब्रुवारीपासून लागू आहे, चार वर्षांच्या आतल्या मुलाला हेल्मेट आणि चालवणाऱ्याला बांधणारा पट्टा, वेग ४० च्या आत, आणि आपल्याकडे मूल अजून पुढे हँडल धरून उभंच असतं. पण मला दंडाबद्दल बोलायचं नाही. ज्याने आठ-दहा हजार खर्चून सीट आणली त्याला दंडाची भीती घालून काय उपयोग, त्याला बसवून दाखवणारा माणूस पाहिजे. आता आपण तारे बघून गाड्या घेतो, हे तारे ज्या चाचणीत गाडी आपटवून देतात त्या भारत एनकॅपमध्ये मुलांच्या सुरक्षेला ४९ पैकी गुण देतात, त्यातले १२ गुण फक्त मुलांच्या सीटा त्या गाडीत नीट बसतात की नाही यावर आहेत. म्हणजे तिथे तपासायला शिकलेली माणसं असतात. घरी बसवताना तसं कोणी असतं का?

म्हणून वाहतूक खात्याला माझी मागणी साधी आहे. दर वर्षी जानेवारीत रस्ता सुरक्षेचे कार्यक्रम होतात, भाषणं, रॅली, फलक. त्यातला एक रविवार प्रत्येक तालुक्यात सीट तपासायला द्या, लोक आपली गाडी, आपली सीट आणि आपलं मूल घेऊन येतील, जाणकार माणूस बघेल, चुकलं असेल तर मालकाच्याच हातून दुरुस्त करून घेईल. एका गाडीला पंधरा-वीस मिनिटं पुरतात. गाडीची डिलिव्हरी देताना आयसोफिक्स आणि टॉप टेदरची जागा हात लावून दाखवणं सगळ्या शोरूमना सक्तीचं करा, ब्लूटूथएवढा तर वेळ लागत नाही त्याला. आणि बाळंतिणीला हॉस्पिटलातून घरी सोडताना लसीच्या कार्डाबरोबर मराठीत नाहीतर कोंकणीत एक पान द्या, चित्रासकट, निळी खूण लाल खूण, एक इंच, चिमटी, एवढंच. ते चित्र तुमच्या पेपरातही छापून आलं तर कापून गाडीच्या कप्प्यात ठेवणारे वाचक भरपूर आहेत.

बार्देशात असा रविवार ठरला तर मी दुकान बंद ठेवून येतो, कव्हराला चीर द्यायची कात्री आणि शिवायचं सामान माझं, त्याचे पैसे नकोत. फक्त मैदान सपाट बघा आणि सावलीचं.

आपला,
एक सीट कव्हरवाला, म्हापसा